टेपवाल्यांची वरात

त्यांचा टेपरेकॉर्डर पहिल्यांदा माझ्या दुकानात आला तेव्हा त्यात लाल तिखट निघालं. मी झाकण उघडलं आणि जो शिंकायला लागलो तो समोरचा चहा निवेपर्यंत शिंकतच राहिलो. मोटारीवर तिखट, पट्ट्यावर तिखट, स्पूलच्या चकत्यांखाली तिखट.

"यात मसाला वाटता की काय?" मी डोळे पुसत विचारलं.

"मिरची कांडपाच्या गिरणीत ठेवला होता," समोरचा माणूस शांतपणे म्हणाला. "लढाईचा आवाज हवा होता."

बारामतीत एस.टी. स्टँडमागच्या गल्लीत माझं रेडिओ-टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. तऱ्हेतऱ्हेची गिऱ्हाइकं बघितली होती. पण लढाई आणायला मिरचीच्या गिरणीत जाणारा माणूस पहिलाच. उंच, काटकुळा, जाड भिंगांचा चष्मा आणि भर उन्हाळ्यात पायात कापडी बूट. चपला वाजतात म्हणून ते घालत नसत. राहायला डाळजच्या बाजूला, हमरस्त्यापासून आत, आईवडिलांजवळ. व्यवसाय काय म्हणून विचारलं तर म्हणाले, "संगीतकार. सिनेमा आणि टीव्हीसाठी."

"म्हणजे गाणी?"

"गाणी नाहीत. गाणं संपल्यावर जे उरतं ते."

मी ते वाक्य तेव्हा सोडून दिलं. नव्वद सालानंतरची ती सात-आठ वर्षं त्यांच्या यंत्राची दुरुस्ती माझ्याकडं होती आणि हळूहळू त्यांचीही थोडीफार माझ्याकडं आली. त्यांना खरं नाव होतं, पडद्यावर ते यायचंही. पण डाळजपासून इंदापूरपर्यंत सगळे त्यांना टेपवालेच म्हणायचे, कारण खांद्याला ते धूड लटकवल्याशिवाय त्यांना कुणी बघितलेलं नव्हतं.

दुकानात आले की आधी माझा पंखा बंद करत. मला न विचारता. मी घामानं निथळत असायचो आणि हे डोळे मिटून बसलेले. बाहेर एखादी ट्रक हॉर्न देत जायची. ती पार पाटस रोडला लागली असावी असं मला वाटून मी बोलायला तोंड उघडायचो, की यांचा हात वर. "थांबा. अजून संपला नाही." असं ते कशाबद्दलही म्हणायचे. शाळेची घंटा झाली, भांडं पडलं, कुणी हसलं, आपल्या लेखी विषय मिटलेला असायचा आणि टेपवाले त्याच्या मागं अजून चाललेले असायचे. लग्न केलेलं नव्हतं. माझी बायको म्हणायची, "बरं झालं. बायको भांडायला लागली की हे म्हणतील, थांब, तेवढं परत म्हण, टेप लावतो."

पुण्या-मुंबईच्या लोकांना त्यांच्याबद्दल मोठा आदर होता. आधी पुण्यात सरकारी नोकरी, हौस म्हणून नाटकांना आवाज देणं, मग दोन लहान सिनेमे, मग टीव्हीच्या मालिका, आणि एक दिवस नोकरी सोडून टेपसकट गावी. ना पेटी, ना तबला, ना व्हायोलिनवाल्यांची रांग. विहिरीच्या रहाटाचं काही, उसाच्या गाडीच्या आसाचं काही, मधेच एखादी बासरी, आणि ते सगळं कापून, जोडून, उलटं फिरवून ते असं काही करायचे की बघणारा पडद्यावरून नजर हलवायचा नाही. एका वर्तमानपत्रात त्यांच्यावर मोठा लेख आला होता. 'चर्मवाद्यांना त्यांनी दिलेला ठाम नकार हा आधुनिक संगीतातला धाडसी प्रयोग आहे' असं काहीतरी. मी दुकानात तो मोठ्यानं वाचून दाखवला. टेपवाले बिस्कीट चहात बुडवत होते. म्हणाले, "छापू दे."

गावाकडं मात्र त्यांच्या संगीताचं कौतुक वेगळ्याच कारणानं होतं. मालिका लागली की लोक गोष्ट बघत नसत, आपला आवाज कधी येतो ते बघत. नायिका रडत असली तरी घरात एकच दंगा, "आला, आला, आपल्या गिरणीचा पट्टा आला." ज्यांची वस्तू टीव्हीवर वाजली त्यांना चार दिवस मान असायचा. ज्यांची वाजली नाही ते रुसायचे. एका बागायतदारानं तर नवा ट्रॅक्टर घेतल्या घेतल्या यांना रस्त्यात गाठलं.

"समद्यांचं घेतलं, आमच्या ट्रॅक्टरचं कवा घेताय?"

टेपवाल्यांनी घेतलं. दोन महिन्यांनी एका मालिकेत वाड्यातलं भूत जिन्यावरून उतरायला लागलं आणि त्याच्यामागं तो ट्रॅक्टर, पार मंद केलेला, घुमत आला. बागायतदारांनी भावकी जमवली होती. दुसऱ्या दिवशी ते दुकानात आले तेव्हा मला वाटलं, आता तक्रार. पण गडी खूश होता. "भुताचा का असंना, ट्रॅक्टर आमचाच हाय."

आणि ते सुप्याचं प्रकरण. सुप्याजवळच्या अभयारण्यात चिंकारा असतात. त्यांचा आवाज घ्यायचा म्हणून टेपवाले सकाळपासून झुडपात बसले. मीही होतो बरोबर, बॅटरी बघायला. चिंकारा आले, चरले, आमच्याकडं बघून गेले, पण एकानं तोंड उघडलं नाही. मला हसू येत होतं. टेपवाले मात्र जेवणाचा डबा उघडताना अगदी समाधानी. ती टेप त्यांनी एका मालिकेत वापरली. बाई दारात नवऱ्याची वाट बघत उभी, आणि अर्धा मिनिट काही नाही. म्हणजे होतं, असं ते म्हणायचे, हरणं होती. दुसऱ्या दिवशी मी दुकान उघडलं तर दारात तीन टीव्ही. "काल आवाज गेला वो. परत आला, पण मधी गेला व्हता." एकानं तर आवाज यावा म्हणून टीव्हीला असा गुद्दा हाणला होता की त्याची खरंच दुरुस्ती करावी लागली. मी टेपवाल्यांना सांगितलं. त्यांनी फक्त विचारलं, "गुद्द्याचा आवाज कसा होता म्हणाला?"

एक माणूस मात्र यांची एकही मालिका बघत नव्हता, ना गोष्टीसाठी, ना आवाजासाठी. ते यांचे वडील.

आबा सत्तरीला आलेले, ताठ, पांढराशुभ्र सदरा, बोलणं मोजकं. पाटबंधारे खात्यात पाटकरी होते, कालव्याचं पाणी सोडायचं-बांधायचं काम इमानानं करून निवृत्त झालेले. मालिकेचं संगीत सुरू झालं की आबा उठायचे. शेळीला पाणी पाजायचं असायचं. त्यांच्या शेळीला बरोबर मालिकेच्या वेळेलाच तहान लागायची. टेपवाले दाराकडं बघत राहत. सगळ्या मुलखाला आपला आवाज ऐकू जातो आणि घरातला एक माणूस तेवढा उठून जातो, हे त्यांना फार लागायचं. मला ते दिसायचं. पण मी विचारलं नाही कधी. कारण कळलं ते त्या सिनेमाच्या वेळी.

मुंबईचे एक दिग्दर्शक होते, नाव झालेले. त्यांनी टेपवाल्यांना अख्ख्या सिनेमाचं संगीत दिलं. थेटरात लागणारा, मोठा सिनेमा. टेपवाले आठवडाभर हवेत होते, चहाचे पैसे दोनदा देत होते. सिनेमाच्या शेवटी एक वरात होती. पाटलाच्या घरची वरात गावातून चाललीय आणि वाटेवर एका घराचं दार बंद आहे, असा प्रसंग. दिग्दर्शक स्वतः डाळजला आले, आणि यंत्र नीट करायला मी तिथं होतोच.

"इथं मला हलगी पाहिजे," दिग्दर्शक म्हणाले. "नुसती हलगी. पडदा फाटला पाहिजे."

"हलगी मी वापरत नाही," टेपवाले म्हणाले.

"माहीत आहे तुमचा प्रयोग. पण वरातीला हलगी नको तर काय हवं?"

"दुसरं काहीतरी देतो."

दिग्दर्शक माणूस वाईट नव्हता. म्हणाले, "पंधरा दिवस थांबतो. वरात उभी राहिली तर सिनेमा तुमचा. नाही राहिली तर मला दुसरा माणूस बघावा लागेल." आणि गाडीत बसून गेले.

मी म्हटलं, "अहो, एवढा सिनेमा हातचा घालवता? प्रयोग जरा बाजूला ठेवा की."

टेपवाले अंगणात खाली बसले. म्हणाले, "प्रयोग कसला? मी शब्द दिलाय आबांना."

मग त्यांनी जे सांगितलं ते असं. गावात वरात निघो, जत्रा असो, की कुणी मयत होवो, पुढं हलगी वाजवायची ती गावकी आबांच्या घराकडं होती. आबा वाजवायचे आणि असं वाजवायचे म्हणे, की इंदापूरपर्यंत नाव होतं. पण बोलावणं यायचं ते कलावंताला नव्हे. उन्हात उभं राहायचं, सगळी पंगत उठल्यावर उरलंसुरलं पदरात घ्यायचं. छप्पन साली त्यांच्या लोकांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली, तेव्हा आबांनी सांगून टाकलं, आजपासून वाजवणार नाही. हलगी भीमेच्या पात्रात सोडली. गावानं मग त्यांना रानात काम द्यायचं बंद केलं. पाटकऱ्याची नोकरी लागेपर्यंत नवरा-बायकोनं रस्त्याच्या कामावर खडी फोडली, पण हलगी परत हातात घेतली नाही. टेपवाले तेव्हा मांडीवरचं पोर होते. त्या पोराला शिकवलं, सरकारी नोकरीत बसवलं, आणि पोरगं एक दिवस येऊन म्हणालं, नोकरी सोडतो, संगीत करतो.

"आबा म्हणाले, आमी वाजवायचं सोडलं ते तुझ्यासाठी, आन् तू परत तेच धरतोस. मग म्हणाले, कर काय करायचं ते. पण चामडं वाजवायचं न्हाय. मी म्हटलं, नाही वाजवणार." टेपवाल्यांनी चष्मा काढला. "तेव्हापासून रहाट आणि गिरण्या."

वर्तमानपत्रातला तो धाडसी प्रयोग माझ्या डोळ्यापुढं आला. मला या माणसाबद्दल त्या घडीला जे वाटलं ते साधं प्रेमच होतं. मी म्हटलं, "आता पस्तीस वर्षांवर झाली. आबांना विचारून बघा. मोकळं करतील तुम्हाला."

"करतीलही," ते म्हणाले. "म्हणूनच विचारायचं नाही."

पंधरा दिवस त्यांनी काय काय बडवलं विचारू नका. पत्र्याचं डबडं, ट्रॉलीचं फाळकं, साखर कारखान्यात ऊस टाकतात त्या गव्हाणीची साखळी, माझ्या दुकानाचं शटर. ठेका निघायचा, पण ऐकून ते मान हलवायचे. "ठेका आहे. वरात नाही." चेहरा उतरत चालला होता. सिनेमा जाणार हे जवळजवळ ठरल्यासारखं होतं.

मुदत संपत आली तेव्हा एका सकाळी मी डाळजला गेलो होतो. आबा रानात. मावशी, म्हणजे टेपवाल्यांची आई, चुलीपुढं भाकरी थापत होत्या. आम्ही दोघं उंबऱ्यात चहा पीत बसलेलो. मी काहीतरी बोलत होतो आणि टेपवाल्यांचा हात वर झाला. मी गप्प. बाहेर ना ट्रक, ना पाखरू. आणि मग मलाही ऐकू आलं. परातीतला तो तळहाताचा आवाज. दोन जड थापा, मग बोटांची बारीक धाव, मग एक उशिरानं पडणारी थाप, आणि तेवढ्यात भाकरी गरकन फिरलेली. परत दोन जड.

"आये," टेपवाले हळूच म्हणाले, "आणिक एक थाप."

"बास झाल्या की. खाणार कोण?"

"थाप तू."

सांगितल्यावर मात्र ते जमेना. मावशी लाजल्या, हात चुकायला लागला, भाकरी फाटली. "तू असा टकामका बघत बसल्याव मला न्हाय येत." शेवटी युक्ती केली. वस्तीवरच्या सात-आठ बायकांना पराती घेऊन बोलावलं, मावशींना मधे बसवलं आणि सांगितलं, मावशींचं बघून थापा, आणि गप्पा मारा. गप्पा रंगल्या, हात आपोआप चालायला लागले. आम्ही माईक पिठाच्या डब्यांमधे ठेवून अंगणात जाऊन बसलो. त्या दिवशी वस्तीवर कुणाच्या घरी भाकरी कमी पडली नाही. मीही एक चळत बारामतीला घेऊन आलो आणि बायकोला सांगितलं, ही सिनेमात कामाला होती.

टेपवाल्यांनी ते कापलं, जोडलं, खोल केलं. लांबून वरात येतेय, जवळ येतेय, आता त्या बंद दारापुढं आलीय. माझ्या अंगावर काटा आला. दिग्दर्शकांनी टेप ऐकली आणि विचारलं, "वाद्य कोणतं हे?"

"ज्वारी," टेपवाले म्हणाले.

सिनेमा त्यांचाच राहिला. बारामतीच्या थेटरात तो लागला तेव्हा प्रश्न आबांचा होता. टेपवाले म्हणाले, "येणार नाहीत. शेळी आहे." पण या खेपेला मावशींनी पदर खोचला. "त्यात माझ्या भाकरी हायत. मी जाणार. तुमाला यायचं तर या, न्हायतर शेळीपाशी बसा." मावशी एकट्या एवढ्या लांब जाणार म्हटल्यावर आबांचा नाइलाज झाला. इस्त्रीची टोपी घालून आले. दुपारचा खेळ, थेटर निम्मं रिकामं. आबा, मावशी, टेपवाले आणि कडेला मी.

आबा पडद्याकडं बघत होते, पण परक्याच्या घरी बसल्यासारखे. टेपवाले पडद्याकडं बघतच नव्हते, ते आबांकडं बघत होते. शेवटी ती वरात आली. आबा एकदम ताठ झाले. काठीच्या मुठीवर दोन्ही हात होते, त्यातली बोटं हलायला लागली. दोन जड, मग बारीक धाव. पुढची थाप त्यांची बोटं आधीच धरून बसत आणि ती पडद्यावर पडे. टेपवाल्यांनी ते बघितलं आणि त्यांचा चेहरा पांढरा पडला. मला कळलं त्यांच्या मनात काय आलं ते. आबांना वाटणार, पोरानं शब्द मोडला.

खेळ सुटला. आबा आमच्या पुढं चालत बाहेर उन्हात आले. मग थांबले.

"चामडं हाय का ते?"

"न्हाय आबा. भाकरी हाय. आयेच्या हातची. शप्पत."

"भाकरी." आबा काठी टेकून उभे राहिले. "मग ठेका माझा कसा? ह्यो वरातीचा ठेका मी बांधला व्हता. दुसऱ्या कुणाला येत नव्हता. तुला कुणी सांगितला? तू तवा मांडीवर व्हतास."

"मला ठाव न्हाय, आबा. खरंच न्हाय ठाव."

मग दोघंही मावशींकडं बघायला लागले, आणि मीही. मावशी आधी तिसरीकडंच बघत राहिल्या. मग पदर नीट केला.

"माझ्याकडं काय बघताय? तुमी वाजवायचं सोडलं. मला कुणी सोड म्हणलं न्हवतं." आणि जरा आवाज खाली आणून म्हणाल्या, "रोज तर खात व्हता."

आबांनी चष्मा काढून सदऱ्याला पुसला. परत घातला, परत काढला. टेपवाले त्यांचा हात धरायला पुढं झाले, की चक्कर बिक्कर येतेय. आबांनी हात सोडवून घेतला आणि वळून थेटराकडं चालायला लागले, तिकिटाच्या खिडकीकडं.

"आबा, तिकडं कुठं?"

"मगाशी मी माझंच ऐकत बसलो," आबा न थांबता म्हणाले. "आता तुझं ऐकतो."